सात-शून्य हरलेला बचावपटू

समजा तुम्ही इंटरव्ह्यूला गेलात. पहिला प्रश्न चुकला, दुसरा चुकला, असे ओळीने सातच्या सात चुकले. बाहेर येऊन टपरीवर कटिंग घेताय, घरी काय सांगायचं याची जुळवाजुळव चालू आहे, आणि तेवढ्यात एचआरचा फोन येतो, "कधीपासून जॉइन होताय?" अशक्य वाटतं ना? पण १९९७ साली ब्राझीलमध्ये एका पोराच्या बाबतीत साधारण हेच घडलं.

त्याचं नाव लुसिमार, अख्खं जग त्याला लुसिओ म्हणून ओळखतं. जन्म ८ मे १९७८, राजधानी ब्राझिलियाच्या परिसरातला. ब्राझिलिया म्हणजे त्यांचं चंडीगढ म्हणा हवं तर. आधी नकाशा काढला, मग शहर वसवलं आणि १९६० मध्ये राजधानी तिथे नेली. सरळ रस्ते, भव्य सरकारी इमारती, सगळं झकास. फक्त फुटबॉलची परंपरा नाही. रिओला फ्लामेंगो-फ्लुमिनेन्से आहेत, साव पावलोला तर मोठे क्लब मोजावे लागतात. ब्राझिलियाला तसं काही नव्हतं, कारण शंभर वर्षांचा क्लब असायला आधी शहर शंभर वर्षांचं लागतं. अशा ठिकाणच्या ग्वारा नावाच्या छोट्या क्लबकडून हा पोरगा कोपा दो ब्राझीलचा सामना खेळला. समोर पोर्तो अलेग्रीचा इंटरनॅसिओनाल, म्हणजे देशातल्या बड्या धेंडांपैकी एक. निकाल लागला ७-०. ग्वारा शून्य.

आणि सामन्यानंतर इंटरनॅसिओनालने सात गोल खाल्लेल्या संघाचा बचावपटू उचलला!

मला या प्रसंगात तो निवडणारा माणूस जास्त भारी वाटतो. स्कोअरबोर्ड बघून निवड करणारे पैशाला पासरी मिळतात. सात-शून्यच्या ढिगाऱ्यात, हा पोरगा योग्य वेळी योग्य जागी होता, बाकीचे नव्हते, हे ज्याला दिसलं त्याला खरी नजर होती म्हणायची. बचावपटूच्या नशिबी ही नजर फार क्वचित येते. फॉरवर्डचं बरं असतं. नव्वद मिनिटं माशा मारल्या आणि एकदा पाय लागला तरी दुसऱ्या दिवशी पेपरात फोटो. बचावपटू म्हणजे आपल्याकडचा प्रॉडक्शन सपोर्टवाला. सर्व्हर चालू आहे तोवर त्याचं नावही कुणाला माहीत नसतं, आणि बंद पडला की आधी त्यालाच फोन. लुसिओ हे काम वीसेक वर्षं, तीन खंडांत, दहा-अकरा क्लबांसाठी करत फिरला. त्यातला एक क्लब आपल्या अगदी शेजारचा, गोव्याचा. त्याच्याकडे येतोच, पण वाटेत बरंच काही आहे.

२००० साली लुसिओ ब्राझीलच्या ऑलिम्पिक संघातून सिडनीला गेला. उपउपांत्य फेरीत ब्राझील कॅमेरूनकडून हरला, तेही कॅमेरूनचे नऊच खेळाडू मैदानात उरलेले असताना. ब्राझीलमध्ये असल्या पराभवाला माफी नसते. पण युरोपातले लोक सामने बघत होतेच. २००१ च्या जानेवारीत लुसिओ जर्मनीत बायर लेव्हरकुसेनला पोचला.

लेव्हरकुसेन हा मला व्यक्तिशः फार आवडणारा क्लब, कारण तो चक्क कंपनीचा संघ आहे. बायर म्हणजे तीच अ‍ॅस्पिरिनवाली. त्यांच्या कामगारांनी १९०४ मध्ये क्लब काढला तो आजतागायत कंपनीच्याच नावाने चालतोय. आपल्या कंपन्यांचे संघ दरवर्षी कॉर्पोरेट क्रिकेट स्पर्धेत पहिल्याच फेरीत गारद होतात. इथे कंपनीचा संघ युरोपात झेंडे गाडत होता. पण लीग जिंकणं त्यांना काही केल्या जमत नव्हतं. २००० साली शेवटच्या दिवशी फक्त एक बरोबरी पुरेशी होती, तर उंटरहाखिंगसारख्या चिमुकल्या संघाकडून हरून बसले. त्या सामन्यात मिखाएल बालाकने स्वतःच्याच जाळ्यात चेंडू मारला होता. कायम दुसरे येणारे म्हणून जर्मन लोक त्यांना 'फित्सेकुसेन' म्हणायला लागले. आपल्या भाषेत सांगायचं तर उपलेव्हरकुसेन.

२००१-०२ चा मोसम म्हणजे या नावावर शिक्कामोर्तब. प्रशिक्षक क्लाउस टॉपम्योलर. संघात बालाक, बेर्न्ड श्नायडर, झे रोबेर्तो, नॉयव्हिल, रामेलोव आणि मागे लुसिओ. काय खेळायचे म्हणता! चॅम्पियन्स लीगच्या उपउपांत्य फेरीत लिव्हरपूलकडून पहिला सामना १-० हरले आणि घरच्या मैदानावर ४-२ ने उलटवला. त्यातला चौथा, निर्णायक गोल लुसिओचा. हो, बचावपटूचा. ही त्याची खोडच होती. चेंडू हिसकावला की जवळच्या माणसाला देऊन गप्प बसायचं, हा सेंटर-बॅकचा धर्म. लुसिओ चेंडू पायात घेऊन सरळ पुढे सुटायचा. सहा फुटांवर उंच, धिप्पाड गडी, मान खाली घालून अर्धं मैदान पार करायचा. प्रशिक्षकाच्या पोटात गोळा यायचा आणि प्रेक्षक उभे राहायचे. त्यानंतर उपांत्य फेरीत मँचेस्टर युनायटेडला घरी पाठवलं, दोन्ही सामने बरोबरीत, पण परक्या मैदानावर केलेल्या गोलांच्या हिशोबाने लेव्हरकुसेन पुढे.

एप्रिलच्या मध्यात चित्र असं होतं: लीगमध्ये तीन सामने बाकी, पाच गुणांची आघाडी, जर्मन कपची अंतिम फेरी पक्की आणि चॅम्पियन्स लीगचा करंडकही नजरेच्या टप्प्यात. मग जे झालं ते वाचताना अजूनही पोटात कालवतं. घरच्या मैदानावर ब्रेमेनकडून हार. पुढच्या आठवड्यात न्यूरेंबर्गकडून हार. शेवटचा सामना जिंकले, पण डॉर्टमुंडही जिंकला. डॉर्टमुंड ७० गुण, लेव्हरकुसेन ६९. आठवड्याभरात, ११ मे रोजी, जर्मन कपच्या अंतिम सामन्यात शाल्केकडून ४-२ ने हार. आणि १५ मे रोजी ग्लासगोच्या हॅम्पडेन पार्कवर समोर रेआल माद्रिद.

आठव्या मिनिटाला राऊलने गोल केला. तेराव्या मिनिटाला श्नायडरची फ्री किक आली आणि लुसिओने हेडर मारून बरोबरी साधली. मध्यांतराच्या तोंडावर रोबेर्तो कार्लोसने डावीकडून एक उंच चेंडू वर टाकला. तो आकाशातून खाली येईपर्यंत झिदान वाट बघत थांबला आणि जमिनीवर टेकायच्या आत त्याने डाव्या पायाने जे काही केलं, ते तुम्ही यूट्यूबवर शंभरदा पाहिलं असेल. माद्रिद २, लेव्हरकुसेन १. शेवटच्या मिनिटांत लेव्हरकुसेनने अक्षरशः भडिमार केला. पण बदली म्हणून आलेला पोरसवदा गोलकीपर कासियास त्यांच्या आडवा उभा राहिला.

झिदानचा गोल सगळ्यांना आठवतो. त्या अंतिम सामन्यातला दुसऱ्या बाजूचा गोल एका सेंटर-बॅकने केला होता, हे किती जणांना आठवतं? क्विझला विचारून बघा.

आता गंमत पाहा (गंमत कसली, दैवाची थट्टा). त्याच उन्हाळ्यात जपान-कोरियात वर्ल्ड कप होता. लेव्हरकुसेनचे बालाक, श्नायडर, रामेलोव, नॉयव्हिल जर्मनीकडून गेले आणि लुसिओ ब्राझीलकडून. लुसिओ ब्राझीलचे सातही सामने खेळला. त्यांच्या तिघांच्या बचावफळीत एडमिल्सन आणि रोक ज्युनियर हे त्याचे जोडीदार. स्पर्धेआधी सगळे म्हणायचे, ब्राझीलचं आक्रमण सोन्याचं आणि बचाव पत्र्याचा. २१ जूनला शिझुओकात इंग्लंडविरुद्ध ही टीका खरी ठरते की काय असं वाटलं. हेस्कीने पुढे टाकलेला साधा चेंडू लुसिओकडे आला. तो काबूत घेताना त्याचा अंदाज चुकला आणि सुटलेला चेंडू नेमका मायकेल ओवेनच्या पुढ्यात गेला. ओवेनने असं दान कधी परत केलंय? १-०.

इथेच सामना संपला असता तर लुसिओची कारकीर्द म्हणजे 'ओवेनला गोल आंदण देणारा' एवढ्या एका ओळीत संपली असती. ब्राझीलमध्ये असं होतं. १९५० च्या वर्ल्ड कपमध्ये माराकानावर उरुग्वेचा निर्णायक गोल खाल्ल्याबद्दल गोलकीपर बार्बोसाला उरलेलं आयुष्य बोल सहन करावे लागले. लुसिओला वाचवलं ते पुढच्यांनी. मध्यांतराच्या क्षणाला रिव्हाल्डोने बरोबरी केली, आणि नंतर रोनाल्डिनोची ती फ्री किक सीमनच्या डोक्यावरून जाळ्यात गेली. पण रोनाल्डिनोला लाल कार्ड मिळाल्यावर उरलेला अर्धा तास दहा जणांनी किल्ला लढवला, त्यात इंग्लंडला एकही धड संधी मिळाली नाही, आणि ते काम लुसिओ आणि मंडळींचं. ब्राझीलने अख्ख्या स्पर्धेत सात सामन्यांत चारच गोल खाल्ले. पत्र्याचा बचाव म्हणे!

३० जूनला योकोहामात अंतिम सामना, समोर जर्मनी. बालाक पिवळ्या कार्डांमुळे बाहेर, पण श्नायडर, रामेलोव, नॉयव्हिल तिघेही मैदानात. सहाच आठवड्यांपूर्वी हॅम्पडेनच्या ड्रेसिंग रूममध्ये माना खाली घालून बसलेली हीच मंडळी. त्या तिघांना २००२ मध्ये लीग, कप, चॅम्पियन्स लीग आणि वर्ल्ड कप, चारही ठिकाणी दुसरा नंबर मिळाला. लुसिओला तीन ठिकाणी दुसरा आणि चौथ्या ठिकाणी जग. २-० जिंकल्यावर पिवळ्या जर्सीत नाचताना त्याच्या मनात श्नायडरकडे बघून काय आलं असेल, हा माझा आवडता प्रश्न आहे. फ्री किक ज्याने टाकली होती तोच माणूस समोर रडवेला. (लेव्हरकुसेनने शेवटी २०२४ मध्ये लीग जिंकली, तीही एकही सामना न हरता. ते नाव बावीस वर्षं मिरवल्यानंतर.)

पुढच्या मोसमात बालाक आणि झे रोबेर्तो बायर्नला गेले आणि लेव्हरकुसेन खालच्या लीगमध्ये घसरता घसरता वाचलं. २००४ मध्ये लुसिओही बायर्न म्युनिकला गेला. बायर्नच्या पाच वर्षांबद्दल लांबण लावत नाही, कारण बायर्नमध्ये जिंकणं ही बातमी नसते. २००५, २००६ आणि २००८ अशी तीन वेळा लीग आणि कप ही जोडगोळी. पगार वेळेवर. असो.

पण २००६ चा वर्ल्ड कप जर्मनीतच होता, आणि त्यात लुसिओने असा एक विक्रम केला जो मला मॅराडोनाच्या गोलापेक्षाही (बरं, जवळपास तेवढाच) थोर वाटतो. ओळीने ३८६ मिनिटं त्याने एकही फाउल केला नाही. वर्ल्ड कपमध्ये. सेंटर-बॅकने. क्रोएशिया, जपान, ऑस्ट्रेलिया, घाना असे चार सामने पूर्ण, म्हणजे ३६० मिनिटं. आणि फ्रान्सविरुद्ध आणखी २६. आमच्या भाषेत सांगायचं तर हा निव्वळ अपटाइम. त्या चार सामन्यांत ब्राझीलने एकच गोल खाल्ला.

याचा अर्थ नीट समजून घ्यायला हवा. समोरच्याला पाडणं, जर्सी ओढणं, रेफरी बघत नसताना कोपर मारणं ही बचावपटूची रोजची हत्यारं आहेत. बचावपटू फाउल करतो तो बहुतेक वेळा उशीर झाला म्हणून. फाउल न करता खेळायचं तर चेंडू कुठे येणार हे समोरच्याच्या आधी कळावं लागतं. म्हणजे तो राक्षसासारखा दिसणारा माणूस प्रत्यक्षात डोक्याने खेळत होता. त्या २६व्या मिनिटाला पहिला फाउल झाला, पुढे झिदानच्या फ्री किकवर ऑन्रीने गोल केला आणि ब्राझील १-० ने बाहेर. दुसऱ्या दिवशी चर्चा कशाची? तर ऑन्रीला मोकळं सोडून स्वतःचे मोजे सारखे करत बसलेल्या रोबेर्तो कार्लोसची. ३८६ मिनिटांची बातमी आतल्या पानावर कुठेतरी. प्रॉडक्शन सपोर्ट, दुसरं काय!

त्यानंतर प्रशिक्षक म्हणून डुंगा आला आणि त्याने लुसिओला कर्णधार केलं. कर्णधार लुसिओचा सगळ्यात मोठा दिवस २८ जून २००९, जोहान्सबर्ग, कॉन्फेडरेशन्स कपची अंतिम लढत. मध्यांतराला ब्राझील चक्क अमेरिकेकडून ०-२ ने मागे. मग लुईस फाबियानोने दोन गोल केले आणि ८४व्या मिनिटाला एलानोच्या कॉर्नरवर लुसिओने उडी मारून हेडर मारला. ३-२. एलानो हे नाव लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे.

हा करंडक उचलून माणूस म्युनिकला परतला, तर तिथे नवा मॅनेजर आलेला. लुई फान हाल. हुशार, हेकट, आणि स्वतःच्या पद्धतीवर अढळ श्रद्धा असलेला डच गृहस्थ. त्याच्या योजनेत लुसिओला जागा नव्हती. आयटीत तीन-चार वर्षं काढलेल्या कुणालाही हा प्रकार समजावून सांगायची गरज नाही. नवा मॅनेजर येतो, त्याला स्वतःची टीम बांधायची असते, आणि अचानक तुमचं कालपर्यंतचं काम 'लेगसी' होतं. लुसिओ एकतीस वर्षांचा होता. पाच वर्षं, तीन लीग, ब्राझीलची कर्णधारी, आणि हातात नारळ. त्याला इंटर मिलानने घेतलं. (पहिला मोठा क्लब इंटरनॅसिओनाल, आता इंटरनॅझिओनाले. पोस्टमनचा गोंधळ व्हायचा.)

इंटरचा मॅनेजर होता जोसे मोरिन्यो. त्याने वॉल्टर सॅम्युएल आणि लुसिओ अशी जोडी उभी केली. एक अर्जेंटिनाचा, एक ब्राझीलचा, म्हणजे घरी बोलायची चोरी, पण मैदानात असे खेळले की दोघांच्या मधून वारा जायचा नाही. २८ एप्रिल २०१० रोजी बार्सिलोनात चॅम्पियन्स लीगचा उपांत्य सामना. इंटर पहिला सामना ३-१ जिंकून आलेले. अठ्ठाविसाव्या मिनिटालाच थिआगो मोट्टाला लाल कार्ड. उरलेला तासभर दहा माणसं विरुद्ध मेस्सी, शावी, इब्राहिमोविच आणि नव्वद-एक हजार लोक. चेंडू बहुतेक वेळ बार्सिलोनाकडेच. बार्सिलोनाला ८४व्या मिनिटाला एक गोल मिळाला, दुसरा मिळाला नाही. हा सामना कंटाळवाणा होता असं म्हणणारे लोक मला भेटतात. त्यांच्याशी मी वाद घालत नाही. बचाव बघायला शिकायचं असेल तर मात्र तो तासभर बघाच.

आणि २२ मे रोजी माद्रिदला अंतिम सामना कुणाशी? बायर्न म्युनिकशी. बाकावर फान हाल. दोन्ही संघांनी आपापली लीग आणि कप जिंकलेला, म्हणजे जो जिंकेल त्याला तिन्ही. हिंदी सिनेमात हे दाखवलं असतं तर आपण लेखकाला हसलो असतो. दिएगो मिलितोने दोन गोल केले. फान हालच्या बायर्नला लुसिओच्या इंटरविरुद्ध एकही करता आला नाही. लेव्हरकुसेनमध्ये अकरा दिवसांत जे तीन करंडक हातचे निसटले होते, तेच तीन (लीग, कप, चॅम्पियन्स लीग) आठ वर्षांनी दुसऱ्या देशात एकदम मिळाले. सूड वगैरे शब्द वापरायचा मोह होतो, पण सूड घ्यायला फुरसत लागते. सेंटर-बॅकला नव्वद मिनिटं ती मिळत नाही.

दीड महिन्यात पुन्हा वर्ल्ड कप, पुन्हा उपउपांत्य फेरी. कर्णधार लुसिओ, गोलकीपर झुलिओ सेझार, उजवीकडे मायकॉन, म्हणजे अर्धा इंटरचाच बचाव. आणि ब्राझीलला बाहेर काढणारा नेदरलँड्सचा स्नायडर, तोही इंटरचाच! ब्राझीलकडून एकूण १०५ सामने खेळून लुसिओची ही बाजू २०११ मध्ये संपली.

नंतरचा उतार भराभर सांगतो, कारण तो झालाही तसाच. २०१२ मध्ये इंटरशी करार संपवला आणि ज्युव्हेंटसला गेला. तिथे बार्झाली, बोनुची आणि किएलिनी हे त्रिकूट ठाण मांडून बसलेलं. सहा महिन्यांत चार सामने, की करार रद्द. म्हणजे शुद्ध बेंच. २०१३ ला मायदेशी साव पावलो. लिबर्टाडोरेस स्पर्धेत आत्लेतिको मिनेरोविरुद्ध संघ आघाडीवर असताना लाल कार्ड घेऊन बाहेर; ३८६ मिनिटंवाला हाच तो. काही महिन्यांत तिथल्याही नव्या प्रशिक्षकाने संघातून वेगळं काढलं. २०१४ ला पालमेइरास. क्लबचं शताब्दी वर्ष, आणि संघ खालच्या लीगमध्ये जाता जाता कसाबसा सोळावा येऊन वाचला.

वय ३७. या टप्प्यावर बहुतेक माणसं टीव्हीवर तज्ज्ञ होतात. लुसिओ गोव्याला आला.

२०१५ ची इंडियन सुपर लीग आठवते का? ऑक्टोबर ते डिसेंबर, जेमतेम अडीच महिन्यांची लीग, प्रत्येक संघाला एक 'मार्की' म्हणजे नावाजलेला परदेशी खेळाडू. एफसी गोवाचा प्रशिक्षक होता साक्षात झिको, आणि मार्की लुसिओ. "पेन्शन घ्यायला आलेत म्हातारे" ही त्या वेळची ठरलेली कुजबुज. मला ती तेव्हाही पटली नव्हती आणि आता तर अजिबात पटत नाही, का ते शेवटी सांगतो. एक मात्र खरं, की ब्राझिलियन माणसाला भारतात परकं वाटणार नाही अशी जागा असेल तर ती गोवा. पोर्तुगीज बोलणारी जुनी माणसं अजून तिथे भेटतात, आणि वर्ल्ड कपच्या वेळी निम्म्या गावांतून ब्राझीलचे, उरलेल्या निम्म्यांतून पोर्तुगालचे झेंडे लागतात. आपल्याकडे कोल्हापूर सोडलं तर हे वेड बघायला मिळत नाही.

आणि ती लीग म्हणजे लुसिओच्या आयुष्याचं गेट-टुगेदरच होतं. दिल्ली डायनामोजचा प्रशिक्षक कोण? रोबेर्तो कार्लोस, ज्याच्या पासवर झिदानने हॅम्पडेनला गोल केला आणि जो सहा आठवड्यांनी योकोहामात लुसिओच्या शेजारी करंडक घेऊन उभा होता. चेन्नईयिनचा प्रशिक्षक मार्को मातेराझी, झिदानची डोकी खाल्लेला, आणि इंटरमध्ये लुसिओबरोबर तिन्ही करंडक जिंकलेला. चेन्नईयिनमध्येच एलानो, जोहान्सबर्गच्या कॉर्नरवाला.

१७ नोव्हेंबरला फातोर्डावर गोव्याने मुंबई सिटीला हरवलं. स्कोअर किती असेल? ७-०! आयएसएलमधला तोवरचा सगळ्यात मोठा विजय. दुदू आणि हाओकिपच्या प्रत्येकी तीन-तीन गोलांसह. (मुंबईकर वाचकांची माफी मागतो.) साखळीत गोवा अव्वल राहिलं. उपांत्य फेरीत रोबेर्तो कार्लोसच्या दिल्लीकडून पहिला सामना १-० हरले, आणि घरी ३-० ने जिंकले. अंतिम सामनाही फातोर्डालाच, २० डिसेंबर, समोर मातेराझीचं चेन्नई.

हा सामना मी इंजिनिअरिंगच्या होस्टेलवर टीव्हीसमोर बसून पाहिला. खोलीत पंधरा जण, सगळे गोव्याच्या बाजूने, कारण एका कोल्हापूरच्या पोराने "लुसिओच्या विरुद्ध बोलायचं नाही" असा दम दिलेला. चेन्नईने पहिला गोल केला, चार मिनिटांत हाओकिपने फेडला. गोव्याचा गोलकीपर लक्ष्मीकांत कट्टीमणी जबरदस्त खेळत होता, पेनल्टीसुद्धा अडवली. ८७व्या मिनिटाला जोफ्रेची फ्री किक आत गेली, २-१. खोलीत उशा उडाल्या. तीन मिनिटं काढायची होती, बस. नव्वदाव्या मिनिटाला चेंडू कट्टीमणीच्या हातून स्वतःच्याच जाळ्यात गेला. भरपाई वेळेत मेंडोझाने तिसरा मारला. २-३. त्या दिवशी नंतर मैदानात जो राडा झाला त्याबद्दल न बोललेलंच बरं.

मला तेव्हा कट्टीमणीचं फार वाईट वाटलं होतं. दिवसभर सर्वात चांगला खेळलेला माणूस, आणि निकालपत्रकात त्याच्या नावापुढे स्वयंगोल. पुढे जेव्हा ओवेनच्या गोलाबद्दल वाचलं तेव्हा लक्षात आलं, की त्या संध्याकाळी फातोर्डाच्या ड्रेसिंग रूममध्ये एक माणूस असा होता ज्याला हे आतून माहीत होतं. फक्त शिझुओकात लुसिओच्या पुढे रिव्हाल्डो आणि रोनाल्डिनो होते, आणि घड्याळात तासभर शिल्लक होता. कट्टीमणीकडे दोन मिनिटं होती.

२०१६ मध्ये लुसिओ पुन्हा गोव्याकडून आला, पण तो मोसम फसला. मोजकेच सामने खेळला आणि आदल्या वर्षी अव्वल असलेला संघ तळाला गेला. झिकोही त्यानंतर परतला.

आता ते पेन्शनचं. गोवा संपलं तेव्हा लुसिओ अडतीस वर्षांचा होता. वर्ल्ड कप, चॅम्पियन्स लीग, दोन देशांतल्या लीग, सगळं घरी. पेन्शनच हवी असती तर इथे थांबला असता. हा बाबा २०१८ मध्ये गामा नावाच्या क्लबकडून खेळायला उतरला, आणि पुढे ब्राझिलिएन्सेकडून. दोन्ही क्लब ब्राझिलियाच्याच परिसरातले, ग्वाराच्या शेजारपाजारचे. (काकाचा जन्मही त्याच गामातला, पण तो लहानपणीच तिथून गेला.) तिथे ना टीव्हीचे करार, ना मार्की वगैरे भानगड. स्थानिक लीगमधले सामने, थोडेफार प्रेक्षक, आणि समोर अठरा-एकोणीस वर्षांचे फॉरवर्ड, ज्यांच्या जन्माच्या सुमारास हा माणूस लेव्हरकुसेनला निघाला होता.

२०२० च्या जानेवारीत, एकेचाळिसाव्या वर्षी, त्याने निवृत्ती जाहीर केली.